‘अभ्यास वाढवा’ म्हणणाऱ्या काकांना

गेल्या आठवड्यातल्या लेखात मी म्हटलं होतं, की मुंबईची चाळ आपल्यातल्या बहुतेकांनी आधी वाचली आणि मग पाहिली. आणि तिच्या जागी काय बांधायचं हे ठरवायला बसतो तेव्हाही डोक्यात ती वाचलेली चाळच असते. त्यावर ‘सेवानिवृत्त अभियंता’ या नावाने आलेली प्रतिक्रिया अशी: “ताई, पुस्तकांनी शहर बनत नाही, एफएसआयने बनतं. चाळीतल्या माणसाला गॅलरी नको, घरात संडास हवा. पु. ल. पार्ल्यात वाढले. ‘बटाट्याची चाळ’ १९५८ची, १९६२ची नव्हे. अभ्यास वाढवा.”

शेवटून सुरुवात करते. १९५८ बरोबर आहे. माझी चूक, लेखात दुरुस्ती केली आहे. धन्यवाद.

आता ‘अभ्यास वाढवा’. मराठीत हे दोन शब्द कोण कुणाला म्हणतं हे आपल्याला ठाऊक आहे. माझ्या त्याच लेखाखाली एका गृहस्थांनी नामदेव ढसाळांच्या ‘गोलपिठा’चं सालही चुकवलंय (१९७२, काका). त्यांना तुम्ही ‘छान निरीक्षण’ लिहिलंत. त्यांना अभ्यास नको, मला हवा. आणि सुरुवातीची ती ‘ताई’ मायेची नाही, हे न कळण्याइतकी मी लहान नाही. माझं वय चौपन्न आहे.

पुस्तकांनी नाही, एफएसआयने. तुमचं हे वाक्य मी दोन दिवस डोक्यात घेऊन फिरले. एफएसआय म्हणजे भूखंडाच्या किती पट बांधता येईल तो आकडा. बरं. पण ती पट इथेच का वाढवायची, कुणासाठी वाढवायची, हे तो आकडा सांगतो का? तिथे आधी कुणीतरी काहीतरी सांगावं लागतं, आणि ऐकणाऱ्याला ते पटावं लागतं. याला माझ्या आजीच्या भाषेत गोष्ट म्हणतात.

तुमच्याच खात्यातलं उदाहरण घ्या. १८९६ साली मुंबईत प्लेग आला आणि १८९८मध्ये शहर सुधारण्यासाठी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट हे मंडळ स्थापन झालं. दाट वस्त्यांत कोंडलेली वाईट हवा रोग पसरवते, ही त्या काळच्या साहेबाच्या डोक्यातली पक्की गोष्ट. म्हणून समुद्राचा वारा आत यावा यासाठी वस्ती फोडून प्रिन्सेस स्ट्रीट काढला, सँडहर्स्ट रोड काढला. प्लेगचा जंतू १८९४ सालीच सापडला होता. उंदरांवरच्या पिसवा प्लेग पसरवतात हे १८९८मध्ये, तेही कराचीत, एका फ्रेंच डॉक्टरने दाखवलं. तरी रस्ते निघाले ते वाऱ्यासाठीच. त्या रस्त्यांवरून आजही बसगाड्या जातात. हवेच्या गोष्टीने घरं पाडता येतात, काका. तेव्हा एफएसआय कुठे होता?

आणि आमचा गिरणगाव, लालबाग-परळचा कापडगिरण्यांचा भाग. महापालिकेच्या वॉर्डांच्या यादीत हे नाव शोधून दाखवा. ई सापडेल, एफ दक्षिण, जी दक्षिण सापडेल. गिरणगाव सापडेल तो शाहिरांच्या पोवाड्यांत, अण्णाभाऊंच्या लावणीत, नारायण सुर्व्यांच्या कवितेत, आणि माणसांच्या तोंडात. १९८२च्या गिरणी संपानंतर त्याच जागेची दुसरी गोष्ट सुरू झाली: गिरण्या ‘आजारी’ आहेत, जमीन ‘पडून’ आहे. आजारी! माझे बाबा त्यातल्या एका गिरणीत साचा, म्हणजे माग, चालवायचे. आजारी काय ते घरी बसून तेच पडले. १९९१च्या नियमात गिरणीच्या जमिनीची तिहेरी वाटणी होती: एक हिस्सा शहराच्या मोकळ्या जागेला, एक परवडणाऱ्या घरांना, एक मालकाला. २००१मध्ये नियम बदलला आणि वाटणी फक्त आधीपासून मोकळ्या असलेल्या जमिनीची उरली. २००६ साली सर्वोच्च न्यायालयातही तो बदल टिकला. आकडे तुमचेच आहेत. पण ‘पडून असलेली जमीन’ हे शब्द लोकांच्या तोंडी आधी रुळले नसते, तर हे इतकं सहज झालं असतं? पुढे बिल्डरांनी लोअर परळचं ‘अपर वरळी’ केलं. नाव बदलायला त्यांना कुठला एफएसआय लागला?

फोर्टातला काळा घोड्याचा नाका तर तुम्ही रोज पाहिला असेल. सातव्या एडवर्डचा घोड्यावरचा काळा पुतळा १९६५ साली तिथून हलवला, राणीच्या बागेत नेला. घोडा गेला, नाव राहिलं. लोक म्हणत राहिले, अरुण कोलटकर त्या नाक्यावर बसून कविता लिहीत राहिले. शेवटी २०१७मध्ये तिथे नवा काळा घोडा बसवावा लागला, स्वार नसलेला. नावासाठी घोडा आणला. हे कुठल्या कोष्टकात बसवता?

‘घरात संडास हवा’. अहो, मला सांगता? परळच्या चाळीत दुसऱ्या मजल्यावर, दहा बाय बाराच्या खोलीत आम्ही सात जण. मजल्यावर चोवीस बिऱ्हाडं आणि चार संडास. पहाटे साडेचारला पाणी. शाळेच्या गणवेशात हातात टमरेल घेऊन मी एकोणीस वर्षं त्या रांगेत उभी राहिले आहे. तुम्ही कुठल्या रांगेत होतात? क्वार्टर्समध्ये असावात असा माझा अंदाज, चुकला तर सांगा. लग्नानंतर मी डोंबिवलीला आले, घरात संडास आहे, त्याबद्दल मला लाज नाही. पण म्हणून गॅलरीबद्दल बोलायचा हक्क जातो, असं कुठल्या नियमावलीत आहे?

भाऊ अजून तिथेच राहतो. मागच्या वर्षी त्यांच्याकडे पुनर्विकासाचं प्रेझेंटेशन झालं, मी मुद्दाम गेले होते. बिल्डरच्या माहितीपत्रकावर मोठ्या अक्षरांत ‘चाळसंस्कृती जपणारा टॉवर’. पोडियमवर, म्हणजे टॉवरच्या पायथ्याच्या गच्चीवर, ‘गप्पांचा कट्टा’, चित्रात पापड वाळत घातलेले. हे त्याला एफएसआयने सुचवलं का? पुस्तकातून, नाटकातून, मालिकांतून झिरपत झिरपत ते त्या पत्रकावर आलं. (चाळकऱ्यांनी प्रश्न विचारले ते कार्पेट म्हणजे घरातली वापरायची जागा किती, कॉर्पस म्हणजे बिल्डर देणार तो निधी किती, नवं घर होईपर्यंतच्या ट्रान्झिटचं भाडं किती, मेंटेनन्स कोण भरणार याचे. कट्ट्याबद्दल कुणी काही विचारलं नाही. पण ती सभा होती, वेळ कमी होता.)

पु. ल. पार्ल्यात वाढले, हे खरं. मग? पार्ल्याच्या माणसाने लिहिलेली चाळ अख्ख्या महाराष्ट्राने खरी मानली, हाच तर माझा मुद्दा आहे. तो तुम्हीच मांडलात आणि माझ्याविरुद्ध मांडलात, त्याला मी काय करू.

बाकी मुद्द्यांवर वेळ घालवत नाही. पुन्हा लिहायचं असेल तर जरूर लिहा, फक्त लेख शेवटपर्यंत वाचून लिहा. संडासाचा उल्लेख त्यात चौथ्या परिच्छेदात आहे. अर्ध्या ओळीचा आहे, पण आहे.