लांब लेन्स आणि माणसं : एका प्रतिक्रियेला उत्तर

आदिवासी वस्तीत माहितीपट शूट करताना लांब लेन्स (दुरूनच जवळचं दाखवणारी) पेटीतच राहू द्या, 35 मिलिमीटरची रुंद लेन्स लावून माणसाजवळ बसा, असं मी लेखात म्हटलं होतं. त्यावर तुम्ही लिहिलंत, "जवळ गेलं की लोक नाटकी वागतात, दुरून टिपलेलंच खरं. फील्ड न पाहिलेल्या माणसाचं लिखाण." शिवाय स्लो मोशन, ड्रोन आणि ट्रायपॉडवर एकेक शेरा.

स्लो मोशनचं तुमचं बरोबर. सेकंदाला 25 ऐवजी 100 फ्रेम घेतल्या तर एक स्टॉप (म्हणजे दुप्पट) जास्त उजेड लागतो, हे मी चुकीचं लिहिलं. शटरचा कोन, म्हणजे प्रत्येक फ्रेममध्ये शटर उघडं राहण्याचा वाटा, तोच ठेवला तर दोन स्टॉप, म्हणजे चौपट उजेड लागतो. दुरुस्त केलंय, आभार. पण एका आकड्यावरून फील्डच पाहिलं नाही म्हणायचं? सतरा वर्षं याच कामावर घर चालतंय. मत खोडा, माणसाची लायकी कशाला काढता?

आता तुमचं ते 'दुरून'. सुपर 35 सेन्सरवर (सिनेमा कॅमेऱ्याचा, साधारण 25 मिलिमीटर रुंद) 600 मिलिमीटरची लेन्स लावून 50 मीटरवरून टोपली विणणारी बाई टिपली, तर चौकटीत जेमतेम दोन मीटर रुंदी मावते. चेहरा मिळतो. पण ऊन चढलं की तापलेल्या जमिनीवरची हवा हलते आणि बांबूच्या पट्ट्या पाण्याखाली असल्यासारख्या थरथरतात. आणि आवाज? बूम, म्हणजे काठीवरचा माइक, तोंडापासून अर्ध्या-पाऊण मीटरवर हवा. कपड्याला अडकवायचा लेपल माइक लावायचा तर छातीशी हात न्यावा लागतो. मग दूर राहिलात कुठे? आणि आपण टिपले जातोय हे जिला ठाऊकच नाही, तिची संमती कुठली? पक्ष्याला विचारता येत नाही. माणसाला विचारता येतं, म्हणून विचारायचं.

नाटकीपणा अंतरातून येत नाही, सूचनांमधून येतो. 1922 च्या 'नॅनूक ऑफ द नॉर्थ' या माहितीपटासाठी दिग्दर्शक रॉबर्ट फ्लाहर्टींनी अर्धाच इग्लू (बर्फाचं घर) बांधून घेतला, कारण पुऱ्या इग्लूत कॅमेऱ्याला जागा आणि उजेड पुरत नव्हता. नायकाचं खरं नावही अलाकारिअलाक होतं. यात लेन्सचा काय दोष?

35 मिलिमीटरने दीड मीटरवरून चेहरा आणि पट्टी ओढणारी बोटं एकाच चौकटीत येतात. विणणारी बाई जमिनीवर बसली असेल तर आपणही जमिनीवर, कॅमेरा तिच्या डोळ्यांच्या उंचीला. आत चुलीच्या उजेडात ऑटो व्हाइट बॅलन्स (कॅमेऱ्याचं आपोआप रंग जुळवणं) बंद करा. ज्वाळेबरोबर रंग सरकतो आणि एडिटला शॉट जुळत नाहीत. व्हाइट बॅलन्स 3200 केल्विनवर (उजेडाच्या रंगाचं माप) लॉक करा. धुरात ऑटोफोकस भरकटतो, फोकस हातानेच ओढा. सुरुवातीला लोक लेन्सकडे बघतात, हे मान्य. त्यासाठी लपायला नको. मॉनिटर त्यांच्याकडे फिरवा, काय दिसतंय ते बघू द्या, पहिले शॉट वाया गेले तर जाऊ द्या. विणीची कड वळवायची वेळ आली की नजर आपोआप हातावर जाते.

ड्रोन आणि ट्रायपॉडवर इथे वाद घालत नाही. लेखात दोन्ही आहे, नीट वाचा. पुन्हा लिहाल तेव्हा किती अंतरावरून, कुठल्या लेन्सने घेतलंत आणि आवाज कसा मिळवलात, तेवढं सांगा.