घोळ भाषांचा नाही

'घरी कोंकणी, शाळेत मराठी, वर इंग्रजी. पोर गोंधळणारच!' वाचताना अडखळणाऱ्या मुलाबद्दल आपल्या गोव्यात हे इतक्या सहज बोललं जातं, की पुढे कुणी चौकशीच करत नाही. मी डिचोली तालुक्यात प्राथमिकला शिकवते. या एका समजुतीपायी मुलांची ऐन शिकायची वर्षं वाया जातात आणि मला ते बघवत नाही.

अनेक भाषांमुळे डिस्लेक्सिया, म्हणजे बुद्धी चांगली असूनही वाचन-लेखनात येणारी कायमची अडचण, होत नाही. दोन-तीन भाषांत वाढणारी बहुतेक मुलं थोडी मागेपुढे का होईना, वाचायला लागतात. डिस्लेक्सिया असेल तर अडचण मराठीतही दिसते, इंग्रजीतही. ऱ्हस्व-दीर्घ तर सगळ्यांचंच चुकतं, त्याने घाबरू नका. पण तिसरीत येऊनही मूल काना-मात्रा गाळतं, जोडाक्षरापाशी थांबतं, आत्ताच वाचलेला शब्द पुढच्या ओळीत पुन्हा अक्षर-अक्षर लावत बसतं. आणि तेच मूल जत्रेतल्या नाटकाचे संवाद धडाधड म्हणून दाखवतं, तेव्हा त्याला आळशी म्हणणं हा अन्याय आहे. आधी डोळे आणि कान तपासून घ्या. मग तज्ज्ञांकडून मूल्यमापन करून घ्या; पर्वरीची 'सेतू' संस्था हे काम करते. मूल ज्या भाषेत शिकतं, त्या भाषेतलं वाचन तिथे बघितलं जावं, हा आग्रह जरूर धरा.

2016 च्या दिव्यांग हक्क कायद्यात अध्ययन अक्षमतेचा (डिस्लेक्सिया त्यातच येतो) स्पष्ट समावेश आहे. दहावीच्या परीक्षेला जास्तीचा वेळ, लेखनिक अशा सवलतीही मिळतात. पण पुष्कळ घरांना याची आठवण होते ती नववीत, सर्टिफिकेटसाठी. सर्टिफिकेटने पेपरात वेळ वाढतो, वाचायला येत नाही. वाचन शिकवावंच लागतं, तेही दुसरी-तिसरीपासून: आवाज आणि अक्षर यांची जोडी पक्की करत, मोठ्याने म्हणत, बोटाने गिरवत, रोज थोडं थोडं. नेहमीच्या ट्यूशनमध्ये तोच धडा पुन्हा होतो. आणि चुकलेला शब्द वीस वेळा लिहायला लावणं तर ताबडतोब बंद करा. ज्याला लिहिण्याचाच त्रास आहे, त्याला ती निव्वळ शिक्षा होते.

शिक्षण खात्याने दुसरीच्या प्रत्येक वर्गात वाचनाची प्राथमिक चाचणी सुरू करावी, असं मला मनापासून वाटतं. तोवर आम्हा शिक्षकांना काही गोष्टी कुणाच्या परवानगीशिवाय करता येतात. अशा मुलाला सगळ्या वर्गासमोर अचानक वाचायला उभं करू नये. परिसर अभ्यासाची उत्तरं त्याच्याकडून तोंडी घ्यावीत. त्याला विषय कळलाय की नाही, हे तेव्हा समजतं.