मेइको काजी आणि न बोललेले संवाद : एका प्रतिक्रियेला उत्तर

सप्रेम नमस्कार.

जपानी अभिनेत्री मेइको काजीवरील माझ्या लेखावर आपण दोन आक्षेप घेतले आहेत. ‘पिंक’ म्हणजे जपानी कामुक चित्रपटांतल्या नटीला मी उगाच डोक्यावर घेतो, हा पहिला. आणि जी जेमतेम तोंड उघडते तिच्या अभिनयाचे कौतुक ते कसले, हा दुसरा.

पहिला आक्षेप वस्तुस्थितीला धरून नाही. काजी १९६५ मध्ये निक्कात्सु या चित्रपट कंपनीत आली. १९७१ मध्ये डबघाईला आलेल्या त्या कंपनीने ‘रोमान पोर्नो’ या नावाखाली कामुक चित्रपटांचा धडाका लावला, तेव्हा ती तेथून बाहेर पडून तोएइ या दुसऱ्या चित्रपट कंपनीकडे गेली. तोएइ काही सोवळी नव्हती. स्त्रीकैद्यांची विटंबना हे काजी नायिका असलेल्या ‘सासोरी’ (विंचू) या तिथल्या चित्रपटमालिकेचे उघड भांडवल होते आणि पहिल्या भागात खुद्द काजीवरही तसे प्रसंग चित्रित झाले आहेत. त्यावर पांघरूण घालण्याचे मला कारण नाही.

दुसरा आक्षेप मात्र मला मुळीच पटत नाही. ‘सासोरी’च्या मूळ चित्रकथेतली नायिका शिवराळ आहे. त्या शिव्या तोंडी घेण्यास काजीने नकार दिला, नायिका जवळजवळ अबोल ठेवावी असे सुचवले, आणि पहिलाच चित्रपट करणाऱ्या शुन्या इतो या दिग्दर्शकाने ते मानले. हे मौन संवाद न मिळालेल्या नटीचे नव्हे, संवाद नाकारलेल्या नटीचे आहे. दुसऱ्या भागाचा आरंभ पाहा : तळघरातल्या कोठडीत जखडलेली नायिका दातांत चमचा धरून फरशीवर घासते आहे, त्याला धार आणते आहे. तिचा सूड पुढे कोणत्या वाटेने जाणार हे त्या खरखरीत आवाजातून आणि केसांआडच्या नजरेतून कळते. तेथे एखादे वाक्य घातले असते तर प्रसंग पडला असता.

आणि तिला बोलता येत नव्हते म्हणावे, तर १९७८ चा यासुझो मासुमुरा यांचा सोनेझाकीच्या प्रेमिकांवरील चित्रपट आहे. जुन्या जपानी नाटककार चिकामात्सुच्या बाहुलीनाट्यावर आधारलेल्या त्या चित्रपटात ती भडाभडा बोलते, आणि त्याच भूमिकेसाठी तिला ब्लू रिबन हा जपानी चित्रपट पुरस्कार मिळाला. (‘सासोरी’ला असले पुरस्कार कोण देणार होते, हा भाग वेगळा.)

पहिला भाग आपण अर्ध्यावर सोडल्याचे लिहिले आहे. तो पुन्हा लावण्याचा आग्रह नाही. दुसऱ्याची पहिली दहा मिनिटे तेवढी पाहावीत. पुढे त्यातही अत्याचाराची दृश्ये आहेत, हे आधीच सांगून ठेवतो.