खुलासा : स्टड्स लोनिगन म्हणजे जेम्स फॅरेल नव्हे
शिकागोचे कादंबरीकार जेम्स टी. फॅरेल यांची 'स्टड्स लोनिगन' ही त्रयी (१९३२ ते १९३५) म्हणजे त्यांचं आत्मचरित्रच, असं सर्रास सांगितलं जातं. ते चूक आहे.

दक्षिण शिकागोतली आयरिश वस्ती फॅरेल आणि त्रयीचा नायक स्टड्स या दोघांचीही, एवढं खरं. पण स्टड्स हा रंगकामाचा धंदा करणाऱ्या, बऱ्यापैकी सुस्थितीतल्या बापाचा मुलगा. तो तिसऱ्या भागाच्या शेवटी ऐन तारुण्यात मरतो. फॅरेल यांचे वडील मालाच्या घोडागाड्या हाकत. पोरं बरीच, कमाई तुटपुंजी, म्हणून जेम्सला लहानपणीच आजीकडे ठेवलं गेलं. फॅरेल गेले १९७९ साली, पंचाहत्तरीत.

त्यांचं बालपण शोधायचं तर त्यांच्याच दुसऱ्या नायकाकडे, डॅनी ओ'नीलकडे वळा. १९३६ च्या 'अ वर्ल्ड आय नेव्हर मेड'पासून पाच कादंबऱ्यांत तो वाढतो. आजीच्या घरी राहणारा, बेसबॉलपटू व्हायचं स्वप्न बघणारा हा पोरगा. फॅरेल स्वतः शिकागोच्या व्हाइट सॉक्स या बेसबॉल संघाचे जन्मभराचे चाहते; १९५७ साली त्यांनी 'माय बेसबॉल डायरी' लिहिली. स्टड्सलाच फॅरेल मानलं की डॅनी नजरेआड होतो, आणि मला तर तोच जास्त जिवंत वाटतो.