भांड्याला दुसरं नाव देता येतं का?

आमच्या घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर गेले तीन आठवडे एकच विषय चालू आहे: माझ्या धाकट्या भावाच्या मुलीचं नाव. बाळ पुण्यात जन्मलं, बारसं व्हायचंय, आणि कानात नाव सांगायचा मान जिचा ती आत्या, म्हणजे मी, इटलीत बोलोन्याला. त्यामुळे ज्याला जे वाटतं ते तो शेवटी मला फोन करून सांगतो.

काकांचं म्हणणं, नावाला अर्थ हवा. कियारा, मायरा ही नावं म्हणजे नुसते आवाज. (काका, इथे क्यारा नावाच्या कितीतरी बायका आहेत. ते लॅटिन ‘क्लारा’वरून आलंय, अर्थ स्वच्छ, उजळ.) मावशीला देवीचं नाव हवंय. भावाला दोन अक्षरी, परदेशात कुणालाही म्हणता येईल असं. भावजय मात्र नावापेक्षा नावाच्या रांगेबद्दल बोलते आहे. महाराष्ट्र सरकारच्या निर्णयानुसार १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आधी बाळाचं, मग आईचं, मग वडिलांचं नाव आणि शेवटी आडनाव येतं. ती म्हणते, कागदावरच कशाला, बारशाच्या पत्रिकेवरही तसंच छापा. यावर ग्रुपमध्ये दोन दिवस शांतता होती.

नेमकं त्याच वेळी माझ्या ऑफिसातही एका नावावरून वाद पेटला होता. शेजारच्या टेबलावरची सहकारी आठ महिन्यांची गरोदर. मुलगी आहे हे इथे आधी कळतं, म्हणून नाव ठरवायला वेळ मिळतो. तिला आपल्या आजीचं नाव ठेवायचं होतं: पेर्पेतुआ. ऐकणारा प्रत्येक जण आधी हसायचा. तिची सासू तर म्हणाली, नातीला पाद्र्याची मोलकरीण करणार आहेस का?

मला कळेना यात हसण्यासारखं काय आहे. मग कळलं. आलेस्सांद्रो मांझोनी यांची १८२७ साली प्रथम छापली गेलेली एक कादंबरी इथल्या शाळांत पिढ्यान्‌पिढ्या शिकवली जाते. तिच्यात एका भित्र्या पाद्र्याचं घर सांभाळणारी, चाळिशी ओलांडलेली, अविवाहित, तोंडाळ पण मनानं चांगली बाई आहे. तिचं नाव पेर्पेतुआ. ती व्यक्तिरेखा इतकी लोकांच्या तोंडी बसली की पाद्र्याच्या घरी काम करणाऱ्या कुठल्याही बाईला इटालियनमध्ये ‘पेर्पेतुआ’ म्हणू लागले. शब्दकोशात ते सामान्यनाम म्हणून छापलेलं आहे. जुन्या मुंबईत घरगड्याला सरसकट ‘रामा’ म्हणत, तो कोकणातून दत्ताराम म्हणून आलेला असो की गोविंद, तसंच हे. एकदा नाव कामाला चिकटलं की आईबाप ते पाळण्यात ठेवायला कचरतात. आज इटलीत लहान मुलीचं हे नाव क्वचितच ऐकू येतं.

मी त्या नावाच्या मागे लागले. लॅटिनमध्ये ‘पेर्पेतुउस’ म्हणजे न तुटणारं, मध्ये खंड न पडता शेवटपर्यंत जाणारं. ‘पेर’ म्हणजे आरपार, आणि त्यापुढे ‘पेतेरे’, एखाद्या दिशेनं झेपावणं. या ‘पेतेरे’चं मूळ आणि आपल्या संस्कृतातल्या ‘पत्’ धातूचं मूळ एकच मानतात. उडणं आणि पडणं, दोन्ही अर्थ असलेला तो धातू. ‘पतन’ त्यातून आलं, आणि पंख या मूळ अर्थाचं ‘पत्र’ही. मला हे कळलं तेव्हा फार आनंद झाला. ज्या नावाला ऑफिसभर हसत होते त्याचा धागा माझ्या भाषेपर्यंत येत होता. मराठीत त्याचा अर्थ सांगायचा तर अखंड. किंवा नित्या. किंवा सरळ शाश्वती. हे नाव तर आपल्याकडे मुलींना ठेवतातच. मुंबईत शिकत होते तेव्हा बुधवारी माहीमच्या चर्चमधल्या नोव्हेना प्रार्थनेला लोटणारी गर्दी लोकलमधून पाहायचे. तिथल्या मातेच्या ‘पर्पेच्युअल सकर’ या नावातही हाच शब्द आहे: सतत, न थांबता मदत करणारी. तेव्हा माझ्या मनाला ते शिवलंही नव्हतं.

पण शब्दाचा अर्थ कळून नाव कळत नाही. नाव कुणी वागवलं ते पाहावं लागतं.

ती मूळची पेर्पेतुआ रोमन साम्राज्यातल्या कार्थेजची, उत्तर आफ्रिकेत आजच्या ट्युनिस शहराला लागून असलेल्या. पूर्ण नाव विबिया पेर्पेतुआ. रोमन मुलींना पूर्वी स्वतःचं असं नाव फारसं नसायचं, बापाच्या कुळाच्या नावाचं स्त्रीलिंगी रूप लावलं की झालं. तुलियस कुळातल्या सिसेरोची मुलगी तुलिया. ज्युलियस सीझरच्या दोन बहिणी, दोघीही ज्युलिया, एक थोरली आणि एक धाकटी. तिसरी झाली तर तिला ‘तेर्तिया’ म्हणत, म्हणजे तिसरी. विबिया हे असंच कुळाकडून आलेलं. पेर्पेतुआ तेवढं तिचं स्वतःचं, आणि अठराशे वर्षं लोकांनी लक्षात ठेवलं तेही तेच.

चांगल्या घरची, शिकलेली, रीतसर लग्न झालेली, साधारण बावीस वर्षांची, अंगावर पिणारं बाळ असलेली ही मुलगी ख्रिस्ती होते आहे म्हणून पकडली गेली. ७ मार्च २०३ रोजी कार्थेजच्या रिंगणात तिला मारलं. त्याआधी तुरुंगात तिनं स्वतःच्या हातानं टिपण लिहिलं आणि ते टिकलं. ख्रिस्ती स्त्रीच्या हातचं जे सर्वांत जुनं लिखाण आज उपलब्ध आहे त्यात त्याची गणना होते. मी ते भाषांतरात वाचलं. स्वप्नं आहेत, वर चढणारी पितळी शिडी आणि तिच्या पायथ्याशी पसरलेला अजगर आहे, लहानपणी गेलेला भाऊ आहे. पण मी अडकले ती पहिल्याच प्रसंगात. वडील तिला समजवायला येतात. ती जवळच्या पाण्याच्या भांड्याकडे बोट करते. विचारते, बाबा, हे भांडं दिसतंय ना? याला जे आहे त्याखेरीज दुसऱ्या कुठल्या नावानं हाक मारता येईल का? ते म्हणतात, नाही. ती म्हणते, मग मीही जी आहे त्याखेरीज स्वतःला दुसरं काही म्हणवून घेऊ शकत नाही.

वडील आधी इतके संतापतात की तिचे डोळे उपटतील असं तिला वाटतं. पुढे येतात तेव्हा तिचे हात चुंबतात, पाया पडतात, रडतात. आणि ती नोंदवते की आता ते मला ‘मुली’ म्हणेनात, ‘दोमिना’ म्हणू लागले. दोमिना म्हणजे मालकीण, बाईसाहेब. हाक बदलली की नातं कसं उलटतं हे तिनं एका ओळीत लिहून ठेवलं. तिला वडिलांची कीव येत होती, तेही लिहिलं. आणखी एक: या सगळ्या टिपणात तिचा नवरा कुठेच नाही. त्याचं नाव आपल्याला माहीत नाही.

मी हे वाचून बराच वेळ गप्प होते, कारण मला माझं ताट आठवलं.

माझं माहेर साताऱ्याचं. ऑक्टोबर २०११ मध्ये आमच्या जिल्ह्यात एक समारंभ झाला होता. ‘नकुशी’, ‘नकोशी’ अशी नावं असलेल्या २८५ मुलींना नवी नावं मिळाली. मुलगा हवा असताना मुलगी झाली म्हणून ठेवलेली ती नावं. त्या मुली हातात प्रमाणपत्रं घेऊन उभ्या असलेले फोटो पाहून आई रडली होती. माझं लग्न त्याच डिसेंबरात झालं. ताटात तांदूळ पसरले, नवऱ्यानं अंगठीनं त्यावर ‘अनघा’ लिहिलं, सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. माझं नाव कालिंदी. सासूबाईंना त्यात ‘काळी’ ऐकू यायचं. कालिंदी म्हणजे यमुना, कलिंद पर्वतातून निघालेली म्हणून कालिंदी, हे सांगायची तेव्हा माझी हिंमत झाली नाही. ज्या अक्षता टाकताना दाणा अखंड हवा म्हणून आपण निवडून घेतो, तेच तांदूळ.

त्या २८५ मुलींचं नाव बदललं ते त्यांना हवं होतं. माझं कुणी विचारलं नव्हतं. या दोन गोष्टी एकाच वर्षी, एकाच जिल्ह्यात झाल्या, आणि दोन्हींना आम्ही नामकरणच म्हणालो.

याचा त्रास काय असतो ते इथे येऊन कळलं. आपल्याकडे लग्नानंतर आडनाव बदलतं, मधलं वडिलांचं जाऊन नवऱ्याचं येतं, आणि काही घरांत पहिलंही जातं. तीनपैकी तीन. इटलीत बाई जन्मभर कागदोपत्री जन्माच्याच नावानं राहते. १९७५ च्या कौटुंबिक कायद्यानं बायको आपल्या आडनावाला नवऱ्याचं आडनाव जोडते असं म्हटलंय, पण ओळखपत्र, करकार्ड, पगारपत्रक सगळं माहेरच्या नावानं. इथल्या सोळा अक्षरांच्या करक्रमांकाची पहिली सहा अक्षरं तर आडनाव आणि नावातूनच काढतात. माझी पदवी कालिंदीची, पासपोर्ट अनघाचा. एका कार्यालयातल्या बाईंनी दोन्ही कागद समोर ठेवून अगदी सौम्यपणे विचारलं, यातल्या तुम्ही कोण? जन्मदाखला मागवला, परदेशात कागद चालावा म्हणून लागणारा अपोस्टिल शिक्का घेतला, इटालियन भाषांतर केलं, प्रतिज्ञापत्र लावलं. सात महिने गेले. त्या बाईंवर माझा राग नाही. प्रश्न रास्त होता.

इटलीला मी डोक्यावर घेत नाही. मुलांना आपोआप बापाचंच आडनाव लावण्याची इथली रीत घटनाबाह्य आहे हे इथल्या घटना न्यायालयानं सांगितलं ते २०२२ साली. आता दोघांची आडनावं लागतात, क्रम आईबापांनी ठरवायचा, किंवा दोघांच्या संमतीनं एकच. म्हणजे बाईचं नाव तिच्यापाशी राहिलं, पण मुलांपर्यंत पोचायला इतकी वर्षं लागली. आपल्याकडे उलटं आहे. आईचं नाव आपण २०२४ मध्ये मुलांच्या नावात आणलं. फार चांगलं केलं; भावजयीच्या बाजूनं मी ग्रुपवर भांडले आहे आणि भांडेन. पण त्याच निर्णयात विवाहित स्त्रीच्या बाबतीत तिचं नाव, मग नवऱ्याचं नाव आणि आडनाव ही पद्धत पूर्वीसारखीच ठेवली आहे. म्हणजे आमच्या बाळाच्या नावात माझी भावजय येईल, आणि पंचवीस वर्षांनी ते बाळ बोहल्यावर चढलं की प्रथेनं बाहेर पडेल. मुलाच्या नावात मात्र त्याची आई शेवटपर्यंत राहील. हे कुणी ग्रुपवर बोललं नाही, मीही इतके दिवस बोलले नव्हते.

काका, नावाला अर्थ हवा हे मला मान्य आहे. पण अर्थ बाळाच्या कानात सांगून पुरत नाही. पेर्पेतुआ या शब्दाचा अर्थ अखंड होता. एका बावीस वर्षांच्या मुलीनं तो खरा करून दाखवला. दोनशे वर्षांनी संत ऑगस्टीन तिच्या आणि तिच्याबरोबर मारल्या गेलेल्या फेलिसितासच्या स्मृतिदिनी प्रवचन देताना म्हणायचा की या दोघींची नावं जोडली की ‘अखंड सुख’ होतं. मग एका कादंबरीनं त्याच शब्दाची मोलकरीण केली, आणि त्या कामकरी बायकांचाही त्यात काही कमीपणा नव्हता. अर्थ असे हातोहात फिरतात. आपल्या हातात एकच असतं, ते नाव तिच्यापाशी राहू देणं.

गेल्या रविवारी सहकारी आणि मी रावेन्नाला गेलो. तासाभराचा रस्ता. सांत’अपोल्लिनारे नुओवो चर्चच्या डाव्या भिंतीवर सोनेरी जमिनीवर बावीस कुमारिका रांगेनं चालल्या आहेत, सहाव्या शतकातलं मोझेइक, म्हणजे रंगीत तुकडे जडवून केलेलं चित्र. लग्न होऊन आई झालेली पेर्पेतुआही कलाकारानं त्यांच्यात घेतली आहे, फेलिसितासच्या शेजारी. प्रत्येकीच्या डोक्यावर तिचं नाव आहे, फक्त तिचं. सहकारी पोटावर हात ठेवून बराच वेळ वर पाहत होती. परतताना म्हणाली, ठरलं.

मी त्या भिंतीचा फोटो ग्रुपवर टाकला आणि लिहिलं: बाळाचं नाव शाश्वती ठेवूया असं मला वाटतं. दुसरं काही ठेवलंत तरी मी ते आनंदानं कानात सांगेन. पण बारशाला जमणाऱ्या सगळ्यांसमोर एक शब्द द्या, हिच्या लग्नात तांदळाचं ताट मांडणार नाही.

काकांनी अजून उत्तर दिलेलं नाही. भावजयीनं वेगळा मेसेज केला: “ताई, शब्द दिला. पण तुमच्या पासपोर्टचं काय?”

अर्ज भरून ठेवला आहे. नावाच्या रकान्यात कालिंदी लिहिलंय.