गरीब बाईचं लुगडं

गेली चौदा वर्षं मी मराठी मालिका-सिनेमांचा कपडेपट सांभाळते. लग्नाकार्यात कुणी भेटलं की पहिला प्रश्न ठरलेला, "अगं, त्या नायिकेची पैठणी कुठून घेतलीस?" त्याच मालिकेत धुणंभांडी करणाऱ्या मावशींचं लुगडं कुठून आणलं, हे आजवर कुणी विचारलेलं नाही. माझा खरा जीव मात्र त्या लुगड्यात अडकलेला असतो.

ते इरकली होतं. एका आजींना नवं देऊन त्यांच्याकडून जुनं मागून आणलं होतं. निऱ्यांच्या घडीवर रंग उडालेला, खोचायच्या जागी कापड विरलेलं, पदराच्या टोकाला हळदीचा डाग. अभिनेत्री ते नेसली, पदर कमरेला खोचला आणि मोरीपाशी अशी उकिडवी बसली की दिग्दर्शकाला काही सांगावंच लागलं नाही. दोन दिवसांनी वरून निरोप आला, बाई गरीब असली तरी फ्रेम श्रीमंत दिसली पाहिजे. लुगडं काढलं, कडक इस्त्रीची सिंथेटिक साडी आली. मावशींचं ते बसणंही गेलं. मला अजून वाईट वाटतं.

अशा वेळी वेशभूषाकार भानू अथय्या आठवतात. कोल्हापूरच्या राजोपाध्यांची मुलगी, मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत चित्रकला शिकलेली, मासिकांसाठी फॅशनची रेखाटनं काढता काढता १९५०च्या दशकात सिनेमात आलेली. 'आम्रपाली'च्या कपड्यांसाठी त्यांनी अजिंठ्याची चित्रं अभ्यासली. १९८३ साली 'गांधी'साठी जॉन मोलो यांच्यासोबत त्यांना ऑस्कर मिळालं, भारतीयाला मिळालेलं पहिलं. एवढं आपल्याला पाठ असतं. पण तो सिनेमा एकदा नुसते कपडे बघत बघा. आफ्रिकेतला सुटाबुटातला बॅरिस्टर, मायदेशी उतरलेला पागोटंवाला, मग पंचा. माणूस अंगावरचं एकेक टाकत जातो आणि आपल्याला तो जास्त जास्त कळत जातो.

आमचं काम हे आहे. कोरं पांढरं धोतर दिव्यांखाली डोळ्यांवर येतं, म्हणून ते चहाच्या पाण्यात बुडवून काढायचं. शर्टाचं कोपर काचकागदाने घासायचं, कॉलरला तेलाचा हात लावायचा. याला वेळ लागतो आणि मालिकेत आम्हाला नेमका तोच मिळत नाही. रात्री प्रसंग लिहून येतो, सकाळी सातला कपडे हवे असतात. मग बाजारातून आणलेलं कोरं तसंच अंगावर चढतं आणि मालिकेतलं अख्खं घर झोपतानाही लग्नाला निघाल्यासारखं दिसतं. दोष शिंप्याचा नाही, सेटवर कपडे सांभाळणाऱ्या ड्रेसदादांचाही नाही.

२०१२ साली भानूताईंनी आपलं ऑस्कर ते देणाऱ्या अकादमीकडे परत दिलं. इथे ते सुरक्षित राहील याची त्यांना खात्री नव्हती. हे मला फार लागलं, कारण खोटं नव्हतं. मालिका संपली की आमचे कपडे गोडाऊनला जातात, पुढच्या मालिकेसाठी उसवले जातात, उरलेले वजनावर विकले जातात.

ते इरकली मी जाऊ दिलं नाही. मलमलीत गुंडाळून घरी ठेवलंय. पुढच्या महिन्यात एका सिनेमाचं काम सुरू होतंय, त्यात शेतावर राबणारी एक म्हातारी आहे. दिग्दर्शकाला लुगडं दाखवलं. हळदीच्या डागावर बोट ठेवून तो म्हणाला, "ताई, हा धुऊ नका."