मेट्रो स्थानकांवरचा तो फॉरवर्ड : चौथा मुद्दा जिवावर बेतणारा आहे

"मेट्रो स्टेशनवर पाऊल ठेवण्याआधी हे वाचा" अशा मथळ्याचा एक लांबलचक मजकूर सध्या फोंडा, साखळी, डिचोलीकडच्या व्हॉट्सॲप गटांवर फिरतो आहे. भजनी मंडळाच्या गटावर आला, शाळेच्या माजी विद्यार्थ्यांच्या गटावर आला, सोसायटीच्या गटावरही आला. खाली नाव कुणाचंच नाही. "एक निवृत्त रेल्वे अधिकारी, जनहितार्थ" एवढीच सही. फिरत फिरत तो म्हार्दोळला माझ्या मावशीपर्यंत पोचला आणि तिने बंगळूरला लेकीकडे जायचा बेत मोडला. मावशीला पेसमेकर बसवलेला आहे, आणि मजकुरात लिहिलंय की पेसमेकरवाल्याने मेट्रो स्थानकात शिरणं म्हणजे मरणाला बोलावणं. मी समजावायला गेले तर म्हणाली, "काहीतरी असल्याशिवाय कोण लिहील गो?"

म्हणून पूर्ण मजकूर वाचून काढला. थोडक्यात त्यात असं आहे : एक, उंचावरच्या स्थानकांचे फलाट गाडी आली की हलतात, म्हणजे खांब कच्चे आहेत. दोन, सामान तपासायच्या मशीनमधून गेलेला डबा खाऊ नये. तीन, तो पेसमेकरचा मुद्दा. चार, रुळांत वीज नसते, तेव्हा काही पडलं तर खाली उतरून उचलावं. पाच, ही स्थानकं म्हाताऱ्या माणसांसाठी नाहीत. सहा, आत नुसतं डोकावलं तरी पैसे कापतात.

क्रमाने जायची गरज नाही. चौथा मुद्दा आधी घेते, कारण तो वाचून कुणी खरंच खाली उतरलं तर ते माणूस परत वर येईलच असं नाही. शब्द असे आहेत : "मेट्रोची वीज वरच्या तारेतून येते. रुळांमध्ये करंट नसतो. मोबाइल किंवा पिशवी पडल्यास गाडी येत नाही हे पाहून उतरा व उचला. गाडी मध्येच बंद पडली तर दार उघडून रुळांवरून चालत पुढचे स्टेशन गाठता येते."

हे आपल्या लोकांना पटतं त्याला कारण आहे. गोव्यात मेट्रो नाही. आपण पाहिलेली रेल्वे म्हणजे कोकण रेल्वे. २०२२ साली तिचं विद्युतीकरण पूर्ण झालं, तेव्हापासून थिवी, करमळी, मडगाव कुठेही उभे राहा, डोक्यावर तारा दिसतात. वीज वर, रूळ खाली, हे चित्र डोळ्यांत पक्कं बसलंय. छोट्या स्थानकांवर पूल टाळून रूळ ओलांडणारेही आपण रोज पाहतो. शिवाय मुंबईची वर्सोवा–घाटकोपर मेट्रो असो, पुण्याचा वनाज–रामवाडी मार्ग असो की नागपूरची मेट्रो, तिथेही वीज वरच्या तारेतूनच येते, २५,००० व्होल्टची. मजकूर लिहिणाऱ्याने यांतलीच एखादी पाहिली असावी आणि तेच सगळ्या देशाला लावून टाकलं असावं.

बंगळूरची मेट्रो तशी नाही. कोचीची नाही, अहमदाबादची नाही, कोलकात्याची तर १९८४ साली सुरू झाली तेव्हापासून नाही. पुण्यातसुद्धा शिवाजीनगर–हिंजवडी मार्ग याच दुसऱ्या पद्धतीचा आहे. या सगळ्या ठिकाणी वीज खालून, रुळांच्या शेजारून जाते. आपल्या वाड्यावरची किती मुलं बंगळूरला आणि हिंजवडीला नोकरीला आहेत, आणि त्यांचे आईवडील वर्षातून कितीदा तिकडे जातात, हे हा मजकूर पुढे ढकलणाऱ्यांनी मनात आणावं.

बंगळूरच्या फलाटावरून खाली पाहिलं तर काय दिसतं ते सांगते. गाडीची चाकं ज्यांवरून जातात ते दोन रूळ असतात. त्यांच्या बाजूला, जरा उंचावर, इन्सुलेटरांवर बसवलेला आणि वरून आवरणाने झाकलेला आणखी एक लांबच लांब रूळ असतो. हा तिसरा रूळ. गाडीच्या खाली बाजूला बूट नावाचा एक धातूचा तुकडा असतो, तो या रुळाला घासत जातो आणि वीज घेतो. तारेसारखं काही लोंबत नाही, गाडी नसताना ठिणगी उडत नाही, आवाज येत नाही. नवख्या माणसाला वाटेल की केबल नेणारा पाइप असेल. त्यात ७५० व्होल्टचा डीसी प्रवाह असतो. घरातला पुरवठा २३० व्होल्टचा. आणि घरी शॉक लागला तर ईएलसीबी (विजेची गळती होताच पुरवठा तोडणारा स्विच) पडून वीज तुटायची तरी शक्यता असते. इथली यंत्रणा आख्खी गाडी ओढण्याइतका प्रवाह पुरवायला बांधलेली आहे, एका माणसाच्या अंगातून जाणारा प्रवाह तिच्या हिशोबातही येत नाही.

स्थानकात हा रूळ बहुधा फलाटाच्या समोरच्या बाजूला ठेवतात, फलाटावरून कुणी पडलंच तर थेट त्याच्यावर पडू नये म्हणून. पण मोबाइल उचलायला उतरलेल्या माणसाचं काय? फलाट रुळांपासून साधारण मीटरभर उंच असतो, साठीच्या बाईला तिथून परत वर चढता येत नाही. तेवढ्यात गाडीचे दिवे दिसले तर ती फलाटापासून लांब, पलीकडच्या बाजूला सरकणार, म्हणजे नेमकी त्या तिसऱ्या रुळाकडे. "गाडी येत नाही हे पाहून" या सूचनेलाही काही अर्थ नाही. बंगळूरच्या जांभळ्या मार्गावर गर्दीच्या वेळी पाच मिनिटांच्या आत पुढची गाडी येते.

आणि हे कल्पनेतलं नाही. १ जानेवारी २०२४ला बंगळूरच्या इंदिरानगर स्थानकावर एका बाईचा मोबाइल रुळांवर पडला आणि ती तो आणायला खाली उतरली. कर्मचाऱ्यांनी ताबडतोब वीज तोडायचं आपत्कालीन बटण दाबलं, म्हणून ती वाचली. ऐन संध्याकाळी त्या मार्गावरच्या गाड्या खोळंबल्या. कर्मचाऱ्याचं लक्ष दुसरीकडे असतं तर बातमी वेगळी आली असती. इंदिरानगर हे उंचावरचंच स्थानक आहे, २०११ साली सुरू झालेल्या अगदी पहिल्या टप्प्यातलं.

कायद्याचंही सांगते, कारण "रेल्वे अधिकारी" म्हणवणाऱ्याला तो ठाऊक असायला हवा होता. मेट्रो रेल्वे (प्रचालन आणि देखभाल) अधिनियम, २००२. मूळ दिल्लीसाठी केलेला, २००९च्या दुरुस्तीनंतर इतर शहरांतही लागू करता आला. त्याच्या कलम ६४ प्रमाणे परवानगीशिवाय मेट्रोच्या रुळांवर चालणं हा गुन्हा आहे. सहा महिन्यांपर्यंत कैद, किंवा ५०० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. वरच्या तारेची मेट्रो असो की तिसऱ्या रुळाची, कलम त्यांत फरक करत नाही. म्हणजे मुंबईपुरता मुद्दा खरा धरला तरी सल्ला गुन्ह्याचाच आहे. आणि २५,००० व्होल्टची तार तरी कुठे निरुपद्रवी असते? तिला हात लागायचीही गरज नसते, जवळ गेलेली लांब काठी किंवा छत्री पुरते. म्हणून रेल्वेवाले दोन मीटर लांब राहा असं बजावतात.

काही पडलं तर पिवळ्या पट्टीच्या मागेच राहायचं आणि फलाटावरच्या सुरक्षारक्षकाला सांगायचं. पुढचं काम त्यांचं. गाडी दोन स्थानकांच्या मध्ये थांबली तर आतच बसायचं, आणीबाणीच्या बटणावरून चालकाशी किंवा नियंत्रण कक्षाशी बोलायचं. उतरवायची वेळ आलीच तर आधी वीज तोडतात आणि मग कर्मचारी स्वतः घेऊन जातात.

आता पेसमेकर. या मजकुराने एक भलतंच करून ठेवलंय : जिथे जीव जाऊ शकतो तिथे लोकांना निर्धास्त केलं आणि जिथे धोका जवळपास नाही तिथे घाबरवून घरी बसवलं. अमेरिकन हार्ट असोसिएशनचा पेसमेकरवाल्यांसाठीचा सल्ला स्पष्ट आहे. मेटल डिटेक्टरच्या चौकटीतून नेहमीच्या चालीने जायला हरकत नाही, फक्त तिथे रेंगाळायचं नाही, तिला टेकून उभं राहायचं नाही. हातातला डिटेक्टर छातीवर धरून ठेवू नका असं सांगायचं. पेसमेकरचं कार्ड दाखवून हाताने तपासा म्हटलं की झालं, बायकांना पडद्याआड महिला रक्षकच तपासते. मावशीला मी दुसरीच एक गोष्ट बजावली आहे : पर्ससोबत मोबाइल ब्लाउजमध्ये खोचायची सवय सोड. फोन पेसमेकरपासून १५ सेंटिमीटर तरी लांब हवा. ही सूचना खरी कामाची आहे आणि नेमकी तीच त्या मजकुरात नाही.

हलणाऱ्या फलाटांच्या मुद्द्यात थोडं तथ्य आहे, ते नाकारत नाही. उंचावरच्या स्थानकात गाडी शिरताना पायाखाली हलकासा कंप जाणवतो. पण त्यावरून खांब कच्चा ठरत नाही. खांबाच्या माथ्यावर आणि गर्डरच्या, म्हणजे वरच्या आडव्या तुळईच्या, खाली रबर व पोलादाच्या थरांची बेअरिंग बसवलेली असतात, गाडीच्या भाराने आणि उन्हातान्हाने होणारी हालचाल सामावून घ्यायला. मांडवीच्या पुलावर बस गेली की पाय थरथरतात, तसंच ते. मांडवीचं नाव काढलं की आपल्याकडच्या वडीलधाऱ्यांना १९८६चा जुलै आठवतो. १९७० साली वाहतुकीला खुला झालेला पूल सोळा वर्षांत कोसळला आणि पणजीला जायला पुन्हा फेरीबोट आली. ती भीती मला समजते. मेट्रोच्या बांधकामातही दोष निघालेले आहेत. २०१८च्या डिसेंबरमध्ये बंगळूरच्या ट्रिनिटी स्थानकाजवळ एका आडव्या तुळईच्या काँक्रीटमध्ये पोकळ्या सापडल्या, तो टप्पा काही दिवस बंद ठेवून दुरुस्ती करावी लागली. २०२२ साली कोचीत पथडिपालमजवळचा एक खांब कललेला आढळला, त्याला नव्याने पाइल (जमिनीत खोल उतरवलेले पायाचे खांब) घालून आधार द्यावा लागला. काम चालू असताना तर माणसं मेली आहेत : दिल्लीत जमरूदपूरला २००९ साली, बंगळूरला नागवाराजवळ २०२३ साली. यावर प्रश्न जरूर विचारा, तपासणीचे अहवाल मागा. पण ट्रिनिटी आणि कोचीचे दोष प्रवाशाच्या पायाला कंप जाणवला म्हणून सापडलेले नाहीत, तपासणीत सापडले. पायाखालचा कंप मोजून खांबाची परीक्षा होत नाही.

डब्याचा मुद्दा अगदीच फोल आहे. क्ष-किरण सामानातून आरपार जातात आणि संपतात, खाण्यात काही मागे राहत नाही. मशीनच्या तोंडाशी लोंबणारे जाड पडदे शिशाचे असतात, किरण बाहेर येऊ नयेत म्हणून. मोपा आणि दाबोळी विमानतळांवर हीच मशीनं आहेत. तिथून जाणारे आपले लोक आंबोशी, सोलं, काजू सगळं नेतात आणि पोचल्यावर खातातही.

स्थानकं म्हाताऱ्यांसाठी नाहीत, हे चूक. रस्ता, मग तिकिटांचा मजला, त्याच्या वर फलाट अशी रचना असते, आणि दोन्ही टप्प्यांना लिफ्ट असते. ती वयस्करांना, गरोदर बायकांना, सामानवाल्यांना सगळ्यांनाच चालते. मात्र रस्त्याकडून वर जाणारी लिफ्ट प्रत्येक प्रवेशद्वाराला नसते, म्हणून रिक्षातून उतरण्याआधी कोणत्या बाजूला आहे ते विचारून घ्यावं.

पैसे कापायचं अर्धंमुर्धं खरं आहे. तिकिटाच्या फाटकातून आत जाऊन त्याच स्थानकातून बाहेर पडलात तर कापले जाऊ शकतात, आत किती वेळ थांबायचं त्यालाही मर्यादा असते. फाटकाच्या अलीकडे मात्र काही लागत नाही. बऱ्याच स्थानकांत लोक तिकिटांच्या मजल्यावरून नुसता रस्ता ओलांडून पलीकडे उतरतात.

बाकीच्या पाच मुद्द्यांवरून वाद घालत बसा, माझी हरकत नाही. चौथा मात्र तसा सोडता येत नाही. गटावरून मजकूर काढून टाकला तरी तो ज्यांनी वाचला त्यांच्या डोक्यातून जाणार नाही, आणि त्यांतलं कुणीतरी पुढच्या महिन्यात बंगळूरच्या फलाटावर उभं असेल. म्हणून ज्यांनी हा मजकूर पाठवला त्यांनी त्याच गटावर, आपल्या नावाने, एवढंच लिहावं : चौथा मुद्दा चुकीचा आहे, बंगळूर, कोची, अहमदाबाद, कोलकाता आणि हिंजवडीच्या मार्गावर रुळांशेजारी ७५० व्होल्टची वीज असते, काही पडलं तरी खाली उतरू नका.